वेरासमोरची खुर्ची

कोटाची वरची गुंडीही लावून घ्या. समुद्रावरून येणारा वारा डिसेंबरचा आहे, आणि इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरचं हेस्टिंग्ज हे उन्हाळ्यात हवापालटाला येणाऱ्यांचं गाव. 1931 साल संपायला मोजके दिवस उरलेत. नाताळच्या सुट्टीत इथे दरवर्षी बुद्धिबळाची स्पर्धा भरते. दार ढकलून तुम्ही आत शिरता तेव्हा आधी ऐकू येतात ती घड्याळं. प्रत्येक टेबलावर दोन तबकड्यांचं एक घड्याळ. एक तबकडी चालू, दुसरी थांबलेली. चाल झाली की खेळाडू आपल्या बाजूची कळ दाबतो आणि टिकटिक समोरच्याच्या अंगावर जाते. माणसांचा आवाज जवळजवळ नाहीच. पाइपचा धूर, ओल्या लोकरीचा वास, कागदावर पेन्सिलीची खरखर.

तुमची नजर आपसूक एका फेट्यावर जाऊन थांबते.

तो सुलतान खान, पंजाबातला. सर उमर हयात खान या बड्या जमीनदाराच्या पदरी असलेला माणूस. मालक लंडनला आले म्हणून तोही आला. लहानपणी शिकला ते आपलं देशी बुद्धिबळ. त्यात पहिल्या चालीलाही प्यादं एकच घर पुढे सरकतं, तुमच्या आजोळच्या ओटीवर सरकायचं तसंच. इंग्रजी जेमतेम, त्यामुळे डावाच्या सुरुवातींवरची जाडजूड पुस्तकं त्याला बंद. तरीही 1929 मध्ये तो ब्रिटनचा विजेता झाला, आणि बरोबर एक वर्षापूर्वी याच गावात त्याने माजी जगज्जेत्या कापाब्लांकाला हरवलं. इथली हवा मात्र त्याला सोसत नाही. घसा सारखा धरतो, आणि कधीकधी गळ्याला पट्टी गुंडाळूनच तो खेळायला बसतो.

तुम्ही कोणाच्या बाजूचे, हा प्रश्नच नाही. दुसरी गोलमेज परिषद हात हलवत संपली आहे, गांधीजी याच आठवड्यात मुंबईच्या बंदरावर उतरले आहेत, आणि इथे साहेबाच्या सभागृहात आपला एक माणूस साहेबाच्या खेळात साहेबांना धडे देतो आहे. तुम्ही हळूच त्याच्या टेबलामागे जाऊन उभे राहता. मग समोरच्या खुर्चीत कोण आहे ते दिसतं.

पंचवीस वर्षांची बाई. गोल चेहरा, आखूड कापलेले काळे केस. ती पटाकडे बघते आहे. समोरच्या माणसाच्या चेहऱ्यावर काय आहे, कोण मागे येऊन उभं राहिलं, याच्याशी तिला देणंघेणं नाही. नाव वेरा मेन्चिक. वडील झेक, आई इंग्लिश, जन्म मॉस्कोचा. दहा वर्षांपूर्वी या गावात आली तेव्हा तिलाही इथली भाषा नीट येत नव्हती. आज या टेबलावर बसलेली दोन्ही माणसं अशी आहेत की ज्यांना या खोलीत पहिला मान पटामुळे मिळाला, जिभेमुळे नाही.

तिची पद्धत लक्ष देऊन बघा. झटक्यात हल्ला नाही, मोहऱ्यांची उधळपट्टी नाही. ती आपली घरं धरून बसते. एखादं प्यादं असं रोवते की समोरच्याच्या घोड्याला चांगली जागा उरत नाही. मारामारी करायची वेळ आली की सावकाश एकास एक मोहरी मारून पट मोकळा करत नेते, आणि शेवटी उरलेल्या चार सोंगट्यांत तिचं काहीतरी थोडंसं बरं असतं. एवढंसंच, पण तिला ते पुरतं. ही तालीम तिला हंगेरीच्या गेझा मारोत्सी या जुन्या उस्तादाने दिली. तो काही काळ हेस्टिंग्जला राहून शिकवत होता.

सुलतान खान हरतो.

तुम्हाला वाईट वाटतं, आणि त्या वाईट वाटण्याच्या पोटातच दुसरं काहीतरी हलतं. तुम्ही तिच्याकडे पुन्हा बघता. तिने कागदावर निकाल लिहिला आहे आणि पेन्सिल कागदाशी समांतर ठेवली आहे. तेवढ्यात मागे कोणीतरी हळू आवाजात म्हणतं, आणखी एक सभासद झाला. दोघेतिघे हसतात. कसला सभासद, हे समजून घ्यायला तुम्हाला अडीच वर्षं मागे जावं लागेल.

*

ऑगस्ट 1929. बोहेमियातलं कार्ल्सबाद. जमिनीतून कढत पाणी वर येतं आणि युरोपभरचे श्रीमंत लोक पोटाच्या तक्रारींवर उपाय म्हणून ते चोचीच्या कपांतून घोटघोट पितात. याच गावात जगातले बावीस खेळाडू जमले आहेत. कापाब्लांका आहे, निमझोविच आहे, रुबिनश्टाइन, श्पीलमान, ऑयवे आहेत. जगज्जेता अलेखिन खेळायला नाही, एका अमेरिकन वर्तमानपत्रासाठी वार्तांकन करायला आला आहे. प्रत्येकाने प्रत्येकाशी एक, म्हणजे एकेकाला एकवीस डाव. जवळजवळ महिनाभराचं काम.

टेबलं मोजा. अकरा. प्रत्येक पटावर दोन वजीर. आपण ज्याला वजीर म्हणतो त्याला युरोपात राणी म्हणतात. पटावरचं सगळ्यांत बलवान मोहरं, कुठूनही कुठेही जाणारं. म्हणजे या दालनात रोज दुपारी बावीस राण्या मांडल्या जातात, आणि त्या हलवणाऱ्या बावीस हातांच्या जोड्यांत बाईच्या हातांची जोडी एकच.

वेरा तेव्हा स्त्रियांची जगज्जेती होऊन दोन वर्षं झाली आहेत. तरी तिला इथे बोलावलं याचं काहींना हसू आलं. व्हिएन्नाचा आल्बर्ट बेकर हा पक्का, अभ्यासू खेळाडू. त्याने एक टूम काढली: या बाईकडून जो हरेल त्याला ‘वेरा मेन्चिक क्लब’चं सभासद करून घ्यायचं. मंडळींना कल्पना आवडली. जेवणाच्या टेबलावर ती फिरली, वाढली, रंगली.

तिसरी फेरी. वेरा पांढऱ्या मोहऱ्यांनी खेळते आहे, समोर बेकर. ती वजिरापुढचं प्यादं दोन घरं सरकवते, घड्याळाची कळ दाबते, आणि कागदावर चाल लिहिते. तिचा चेहरा बघू नका, त्यात काही सापडायचं नाही. बेकरचा बघा. सुरुवातीला तो इतर टेबलांवर काय चाललंय ते बघायला उठतो. मोठे खेळाडू समोरच्याचं घड्याळ चालू असताना असे फिरतातच. हळूहळू उठणं कमी होतं. मग तो दोन्ही कोपरं टेबलावर टेकून बसतो. शेजारच्या टेबलावरचे लोक आपली चाल करून इकडे डोकावायला लागतात. त्यांना काय बघायचंय हे तुम्हाला कळतं, बेकरलाही कळतं, आणि म्हणूनच त्याचा वेळ अधिक जातो. कदाचित तिलाही कळत असेल. पण ती पुढची चाल करते, कळ दाबते, लिहिते. हाताची हीच तीन कामं, त्याच क्रमाने.

क्लबाचा पहिला सभासद क्लबाचा जनकच ठरला.

ही गोष्ट जगभर मिटक्या मारत सांगितली जाते, आणि सांगणारे इथेच थांबतात. तुम्ही थांबू नका. माझं सगळं म्हणणं पुढच्या तीन आठवड्यांविषयी आहे. तुम्ही याच दालनात रोज येऊन बसा, कारण तीही रोज येते. ती हरते. दुसऱ्या दिवशी पुन्हा हरते. बेकरनंतर ती झेमिशलाही हरवते, दोन बरोबऱ्या करते, आणि उरलेले सतरा डाव हरते. एकवीसपैकी तीन गुण, शेवटून पहिला क्रमांक. पहिला आलेला निमझोविच पंधरावर आहे.

सतरा पराभव म्हणजे काय, ते अंकांत कळत नाही. एका डावाला चार-पाच तास. डाव अर्धवट राहिला तर पुढची चाल बंद पाकिटात घालून पंचांकडे द्यायची आणि रात्रभर त्या मोडक्या डावात कुठे काही वाचण्यासारखं आहे का ते शोधायचं. सकाळी जेवणघरात त्याच माणसांसमोर चहा प्यायचा. दुपारी केस नीट करून, पेन्सिलीला टोक काढून, पुन्हा त्याच दालनात जायचं. तिथे कोणीतरी आज तिच्यासमोर आहे म्हणून सुटकेचा निःश्वास टाकत असतं, आणि त्याच वेळी मनातून धास्तावलेलंही असतं. पुरुष पुरुषाकडून हरला तर तो एक गुण गेला. तिच्याकडून हरला तर क्लब. बेकर त्या स्पर्धेत इतरांकडूनही हरला होता. त्यांच्या नावाने कोणी क्लब काढला नाही. मला त्या क्लबाचा मनापासून राग येतो. पराभवाची लाज हशात गुंडाळून टाकायची ती सोय होती. तिने चांगलं खेळून मिळवलेला गुणही त्यामुळे हरणाऱ्याच्या फजितीची गोष्ट बनला.

आणि हे सगळं तिला टाळता आलं असतं! स्त्रियांच्या स्पर्धांत तिला तोड नव्हती. 1927 मध्ये लंडनला पहिली जागतिक स्पर्धा झाली तेव्हा अकरापैकी साडेदहा गुण. त्यानंतर हॅम्बुर्ग, प्राग, फोकस्टन, वॉर्सा, स्टॉकहोम, ब्यूनोस आयरिस. सातच्या सात वेळा तीच विजेती. सात स्पर्धांत मिळून 83 डाव: 78 जिंकले, 4 बरोबरीत, आणि हरला एकच, हॅम्बुर्गला. प्रागला आठपैकी आठ, फोकस्टनला चौदापैकी चौदा. एवढ्यावर कोणीही जन्मभर आरामात जगलं असतं. ती मात्र प्रत्येक वेळी तो मुकुट खुंटीला टांगून कार्ल्सबादसारख्या ठिकाणी सतरा वेळा हरायला गेली. मला तिची खरी कारकीर्द तिथे दिसते. जिथे आपण सगळ्यांत बलवान आहोत तिथे बसून राहायचं नाही, हे तिने कुठे भाषण करून सांगितलं नाही. पुढच्या स्पर्धेचं आमंत्रण आलं की ती हो म्हणायची, इतकंच. अलेखिनला तिच्यातलं पाणी कार्ल्सबादलाच दिसलं, आणि त्याने तसं लिहिलंही.

ती नुसतीच हरत नव्हती हेही ध्यानात ठेवा. त्याच 1929 च्या ईस्टरला रॅम्सगेटला कापाब्लांका पहिला आला तेव्हा त्याच्या मागे अर्ध्या गुणाने दोघं होते: रुबिनश्टाइन आणि वेरा. तिचा गुरू मारोत्सी त्यांच्याही मागे.

*

एका सभासदासाठी तुम्हाला एकदम पुढे उडी मारावी लागेल.

डच गणितज्ञ माक्स ऑयवे हेस्टिंग्जला तिच्याकडून दोनदा हरला. एकदा 1930-31 च्या नाताळात आणि पुन्हा पुढच्या वर्षी, सुलतान खान हरला त्याच स्पर्धेत. तो काही कच्चा खेळाडू नव्हे. 1935 मध्ये अलेखिनला हरवून तो जगज्जेता झाला, आणि उतारवयात जागतिक बुद्धिबळ महासंघाचा अध्यक्ष.

तो अध्यक्ष असतानाचं 1976 साल. मुंबई. तेरा वर्षांची रोहिणी खाडिलकर पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला निघाली आहे. ‘नवाकाळ’कार खाडिलकरांच्या घरात वासंती, जयश्री आणि रोहिणी या तिघी बहिणी पटावर वाढल्या, आणि स्त्रियांचं राष्ट्रीय विजेतेपद सुरू झाल्यापासून या घरातच फिरत होतं. आता धाकटीने दुसऱ्या दालनाचं दार ढकललं तर गदारोळ उठला. बाईने पुरुषांत खेळावं का? प्रकरण उच्च न्यायालयात गेलं, निकाल तिच्या बाजूने लागला. आणि तिकडे महासंघाच्या अध्यक्षांनी निर्णय दिला की राष्ट्रीय असो वा आंतरराष्ट्रीय, कोणत्याही स्पर्धेतून खेळाडूला बाई आहे म्हणून अडवता येणार नाही. अध्यक्ष म्हणजे ऑयवे. हेस्टिंग्जच्या त्या खुर्चीत दोनदा राजा आडवा करून उठलेला तोच माणूस.

त्या मुलीचे पाय जमिनीला नीट टेकतात की नाही ते बघून घ्या आणि परत फिरा. मॉस्कोला उशीर होतोय.

*

फेब्रुवारी 1935. बाहेर बर्फ, आत ललित कलांच्या संग्रहालयाची उंच दालनं, आणि त्यांत बुद्धिबळ बघायला लोटलेली हजारोंची गर्दी. चाली मोठ्या फलकांवर दाखवल्या जातात आणि चांगली चाल पडली की कुजबुज लाटेसारखी मागच्या भिंतीपर्यंत जाते. वीस खेळाडू आहेत. सहासष्ट वर्षांचा लास्कर तरण्यांना दमवतो आहे. तो तिसरा येईल. बॉट्विनिक आणि फ्लोर पहिल्या जागेसाठी भिडले आहेत.

स्पर्धा 15 तारखेला सुरू झाली. दुसऱ्या दिवशी वेरा एकोणतीस वर्षांची झाली, आणि तीही आपल्या जन्मगावात. चौदा वर्षांपूर्वी इथून गेली तेव्हा घरची गिरणी क्रांतीत गेलेली होती, राहत्या घरात परकी माणसं आणून बसवलेली होती. आता तेच शहर तिला पाहुणी म्हणून बोलावतं आहे. या गर्दीची कुजबुज तिला शब्दन्‌शब्द कळते. इथे ती पूर्ण हरते. एकोणीस डावांत एकही विजय नाही, तीन बरोबऱ्या, दीड गुण, शेवटचा क्रमांक. कार्ल्सबादपेक्षाही वाईट. तुम्ही तिला दालनाबाहेर पडताना बघता. कोटाच्या बाह्या ओढते, हातमोजे चढवते. त्याच वर्षी वॉर्साला स्त्रियांच्या जागतिक स्पर्धेत ती नऊपैकी नऊ डाव जिंकणार आहे, आणि धाकटी बहीण ओल्गाही त्याच स्पर्धेत खेळणार आहे.

*

ब्यूनोस आयरिस, 1939. इथे दक्षिण गोलार्धातला हिवाळा संपत आलाय. पोलितेआमा नाट्यगृहात ऑलिंपियाड चालू आहे आणि त्याच्या जोडीला स्त्रियांची जागतिक स्पर्धा. 1 सप्टेंबरला हिटलरचं सैन्य पोलंडमध्ये घुसतं. तुम्ही नाट्यगृहाच्या पायऱ्यांवर उभे आहात आणि वर्तमानपत्रं विकणारी पोरं ओरडत धावतायत. आत अशी टेबलं आहेत जिथे समोरासमोर बसलेल्या दोघांचे देश सकाळपासून शत्रू झालेत. इंग्लंडच्या संघाने अंतिम फेरीतून माघार घेतली. त्यातले अलेक्झांडर आणि मिल्नर-बॅरी पुढे जर्मनांचे गुप्त संदेश फोडायच्या कामावर रुजू होतात. वेरा, लग्नानंतर आता इंग्लंडकडून खेळणारी, थांबते.

इथला एकच डाव बघा. समोर सोन्या ग्राफ. म्युनिकची, तिच्यानंतर जगात दुसरी मानली जाणारी. नाझींशी पटलं नाही म्हणून जर्मनीने तिला वगळलं आहे, आणि ती कोणत्याच देशाच्या नावाने खेळत नाही. नावापुढे लिहिलंय ‘लिब्रे’, मोकळी. दोन वर्षांपूर्वी झेमरिंगला सोळा डावांच्या सामन्यात वेराने तिला साडेअकरा विरुद्ध साडेचार असं नमवलं होतं. आज मात्र सोन्या वरचढ आहे. वेराचा डाव खरोखर मोडला आहे. पट ओळखणारे एकमेकांकडे बघतायत. जिंकायला हवी ती वाट सोन्यासमोर उघडी पडली आहे.

वेरा काय करते? काहीच नाही. म्हणजे खुर्ची मागे ढकलत नाही, उसासा टाकत नाही. चाल करते, कळ दाबते, लिहिते. हरत असलेला डाव किती सावकाश हरायचा, हे कार्ल्सबादने आणि मॉस्कोने तिला शिकवलं आहे; या खोलीत ते तिच्याइतकं दुसऱ्या कोणाला माहीत असणार! पटावर एक अडचण ठेवायची, ती सुटली की दुसरी. सोन्या घसरते. मग पुन्हा एकदा. डाव वेराचा.

एकोणीसपैकी अठरा गुण, सातवं विजेतेपद. सोन्या दुसरी येते आणि युरोपला परत न जाता तिथेच राहून जाते. वेरा लंडनची बोट धरते.

*

लंडनमध्ये तिच्यावर राष्ट्रीय बुद्धिबळ केंद्राची व्यवस्था आहे. ऑक्सफर्ड स्ट्रीटवरच्या जॉन लुइसच्या दुकानाच्या इमारतीत ते केंद्र. 1940 च्या सप्टेंबरात बाँबने ते दुकान जाळून टाकलं, केंद्रही गेलं. 1942 मध्ये ती जर्मनीतून परागंदा झालेल्या म्हाताऱ्या याकोब मीझेसशी सामना खेळली आणि साडेसहा विरुद्ध साडेतीन असा जिंकली. 1943 मध्ये नवरा वारला. ते ब्रिटिश बुद्धिबळ महासंघाचे सचिव, तिच्याहून अठ्ठावीस वर्षांनी मोठे.

आणि आता तुम्ही क्लॅपममध्ये, गॉडन रोडवर, 47 नंबरच्या घरासमोर उभे आहात. 1944 च्या जूनची 26 तारीख, रात्र. इथे तुम्हाला पलीकडच्या फुटपाथवरून फक्त बघता येतं. रस्त्यावर दिवा नाही, खिडक्यांना काळे पडदे. घरात तिघी आहेत: वेरा, ओल्गा आणि त्यांची आई.

गेले दोन आठवडे लंडनवर नवीन जातीचे बाँब पडताहेत. उडणारे, वैमानिक नसलेले. ते येताना मोटरसायकलीसारखा भर्रर्र आवाज येतो, आणि जोवर आवाज येतोय तोवर माणसं निर्धास्त असतात. तो डोक्यावरून पुढे जाणार. भीती आवाज थांबल्याची. इंजिन बंद पडलं की तो खाली येतो. इथल्या लहान मुलांनाही हे कळून चुकलंय. आवाज थांबला की ती मोजायला लागतात.

तिघी तळघरात उतरल्या आहेत.

भर्रर्र ऐकू येतं, दक्षिणेकडून. जवळ येतं. इतकं जवळ की खिडकीची तावदानं थरथरतात. मग थांबतं. या बाईने सगळं आयुष्य शांततेत बसून काढलं. शांतता म्हणजे समोरच्याने विचार करायला घेतलेला वेळ, एवढाच तिला अर्थ. ही शांतता काही सेकंदांची आहे.

घरातलं कोणीही वाचलं नाही. तिचे चषक, तिच्या डावांच्या नोंदी, सगळं ढिगाऱ्याखाली गेलं. ती अडतीस वर्षांची होती आणि अजून जगज्जेती होती. ती जागा भरायला जगाला पाच-सहा वर्षं लागली. 1950 मध्ये ल्युदमिला रुदेन्को तिच्यानंतरची जगज्जेती झाली.

*

क्लबाच्या सभासदांत एक सर जॉर्ज थॉमस होते. ब्रिटनचे विजेते, सरदार घराण्यातले, आणि वेराकडून पुन्हा पुन्हा हरलेले. बॅडमिंटनमध्येही त्यांचं मोठं नाव. थॉमस कप त्यांचाच. 2022 मध्ये भारताच्या मुलांनी तो बँकॉकला पहिल्यांदा जिंकला तेव्हा आपण टीव्हीसमोर नाचलो होतो. दोन वर्षांनी, 2024 च्या सप्टेंबरात, बुडापेस्टला भारताच्या मुलींनी बुद्धिबळाचं ऑलिंपियाड जिंकलं. हरिका, वैशाली, वंतिका, तानिया, आणि तिसऱ्या पटावर नागपूरची दिव्या देशमुख, अकरा डावांत साडेनऊ गुण. कप्तान पुण्याचे अभिजित कुंटे. स्त्रियांच्या ऑलिंपियाडमधल्या विजेत्या संघाचा तो चषक वेरा मेन्चिकच्या नावाचा आहे. चषक हातात आला की मुली हसतात, फोटोसाठी दाटीवाटीने उभ्या राहतात. तुम्ही मागच्या रांगेतून तुमच्याही नकळत टाळ्या वाजवता.

आता एकच ठिकाण राहिलं. इथे तुम्हाला नुसतं उभं राहायचं नाहीये.

मार्च 1923, हेस्टिंग्जचा चेस क्लब. हाच वारा, हाच समुद्र. सतरा वर्षांची एक मुलगी आज सभासद म्हणून नाव नोंदवायला आली आहे. 1921 च्या शरदात आई आणि बहिणीसोबत ती रशियातून निघाली, वडील बोहेमियाला गेले, आणि या तिघी हेस्टिंग्जला आजीकडे आल्या. नऊ वर्षांची असताना वडिलांनी तिला पट आणून दिला होता. इंग्रजी अजून अडखळत येतं. बुद्धिबळ हा न बोलता खेळायचा खेळ, म्हणून भाषा धड येत नसलेल्या माणसाला तोच बरा, असं ती पुढे सांगणार आहे. आत्ता ती काही सांगत नाही. खोलीत म्हातारे गृहस्थ आहेत, आपापल्या डावांत गढलेले. तिच्याशी खेळायला मोकळं कोणी नाही.

तुम्ही मोकळे आहात. खुर्ची ओढून बसा.

ती दोन प्यादी उचलते, हात पाठीमागे नेते, आणि मिटलेल्या दोन मुठी पुढे करते. तुम्ही डाव्या मुठीला बोट लावता. काळं. ती मान हलवते, पट फिरवते, आणि वजिरापुढचं प्यादं दोन घरं पुढे ठेवते.

तुम्हाला बरंच काही माहीत आहे. कार्ल्सबादचा तो महिना, मॉस्कोचा दीड गुण, गॉडन रोडवरची ती रात्र. त्यातलं काहीही या पटावर उपयोगाचं नाही. पंधराव्या चालीपर्यंत तुमचा उंट स्वतःच्याच प्याद्यांमागे अडकतो. पंचविसाव्या चालीला हत्तीला जायला घर नसतं. ती तुमच्याकडे बघत नाही, घाई करत नाही. तिसाव्या चालीच्या सुमाराला तुम्ही पटभर शोधता आणि तुमच्याकडे करण्यासारखी एकही चाल उरलेली नसते. तुम्ही राजा आडवा ठेवता.

ती तो उभा करते. मग दोन्ही बाजूंची मोहरी पुन्हा मांडायला लागते, आधी तुमची.